शेटे कार्यालयातली अकरा लग्नं

“मुलाकडचे की मुलीकडचे?”

अक्कांनी मान वर न करता विचारलं. त्यांच्या एका हातात गुलाबदाणी होती, दुसऱ्या हातात अत्तरदाणी. माझ्या हातात कापडी पिशवी होती आणि पिशवीत दोन मोठी कुलपं, लाखेची कांडी, मेणबत्ती, काडेपेटी आणि बँकेचा पितळी शिक्का.

“बँकेकडचे,” मी म्हणालो.

तेव्हा त्यांनी वर बघितलं. माझ्यामागं आमचा शिपाई हणमंत आणि पिग्मी गोळा करणारा लोखंडे उभे होते. हे दोघं पंच. आत सनई लागली होती, बायका-पोरांचा गलका चालला होता, जिलेबीचा वास रस्त्यापर्यंत आला होता. मी तिथंच थिजलो. पितृपक्षाचा तिसरा दिवस होता हो तो! पितृपक्षात कोण लग्न करतं?

“उरुणकरसाहेब का? या की,” अक्का म्हणाल्या आणि माझा हात धरून मनगटाला अत्तर लावलं. तोंडावर गुलाबपाणी शिंपडलं. हणमंतानं तर हात आपणहून पुढं केला. गाढव कुठला.

ही विट्यातली गोष्ट. सोळा-सतरा वर्षं झाली. मी तिथल्या एका बँकेत वसुली अधिकारी होतो. बँकेचं नाव घेत नाही. तिनं मला पंचवीस वर्षं पगार दिला, आणि त्यातले पाच महिने अर्धा दिला. तो हिशोब पुढं येईलच.

वत्सलाबाई शेट्यांना सगळं गाव अक्का म्हणायचं. त्यांच्या यजमानांनी बांधलेलं ते मंगल कार्यालय. यजमान गेले, आणि पुढं वीस वर्षं अक्कांनी ते एकटीनं चालवलं. मग वरच्या मजल्यावर जेवणाचा हॉल बांधायला त्यांनी आमच्या बँकेतून कर्ज काढलं. हॉल बांधून झाला आणि त्याच वर्षी बायपास सुरू झाला. बायपासला दोन मोठी लॉन्स निघाली, पार्किंगवाली, कारंजीवाली. लोक तिकडं वळले. हप्ते थकले. नोटीस गेली, साठ दिवस गेले. बँक बदमाश होती असं मी म्हणणार नाही. दिलेले पैसे बँकेनं मागितले, एवढंच. पण वसुलीचा कायदा असा आहे की गहाण मिळकतीला बँक कोर्टात न जाता स्वतःच कुलूप लावू शकते. ज्याला ते चुकीचं वाटेल त्यानं पंचेचाळीस दिवसांत पुण्याला जायचं, कर्जवसुली न्यायाधिकरणात, आणि भांडायचं.

पितृपक्षाचा दिवस आमचे मॅनेजर कोरगावकर यांनी काढला होता. “उरुणकर, कार्यालय रिकामं असणार. जायचं, कुलूप लावायचं, यायचं. बोंबाबोंब नाही, काही नाही.” एवढी त्यांची खात्री, की ताब्याचा पंचनामा आदल्या दिवशीच टाइप झाला होता. आमच्याकडं तशीच पद्धत होती. कोण जागेवर बसून लिहितंय? ‘दुपारी साडेबारा वाजता मिळकत बंद व रिकामी आढळली. आत कोणीही इसम अगर सामान नव्हते. मिळकत बऱ्याच दिवसांपासून वापरात नसल्याचे दिसले. ताबा शांततेत घेतला.’ हणमंतानं आणि लोखंड्यानं चहा पिता पिता सह्या ठोकल्या. मीही ठोकली.

“अक्का, हे काय?” मी त्यांना बाजूला घेऊन विचारलं. “पितृपक्षात लग्न?”

“नवरदेव फौजी आहे, साहेब. दहा दिवसांची रजा. चार दिवस प्रवासात गेले. पुन्हा रजा कधी मिळंल ते त्याच्या साहेबालाबी माहीत नाही. मी म्हटलं, त्याची रजा हाच त्याचा मुहूर्त.”

“आणि भटजी?”

“भटजी म्हणाले, या पंधरवड्यात मी पाऊल टाकणार नाही. नका टाकू म्हटलं. मंगलाष्टका काय मला येत नाहीत? तीस वर्षं ऐकतेय.”

“आणि पत्रिकेवर बारा पस्तीस छापलंय ते?”

“ते मी छापायला सांगितलं. नुसतं साडेबारा छापलं तर लोक दीडला येतात. पस्तीस म्हटलं की पळत येतात.”

मी पिशवी या हातातून त्या हातात घेतली. कुलपं खणखणली. अक्कांनी पिशवीकडं बघितलं. त्यांना सगळं कळलं होतं, नोटीस त्यांनीच सही करून घेतलेली.

“कुलूप लावायला आलाय ना? लावा,” त्या हळूच म्हणाल्या. “मी आडवी पडणार नाही. पण पोरीच्या डोक्यावर अक्षता पडू द्या, पंगत उठू द्या. मग लावा. आणि ती पिशवी तेवढी टेबलाखाली ठेवा, पाहुणे बघतात.”

मी पिशवी टेबलाखाली ठेवली.

बरं, तिथंच थांबलो असतो तर निभावलं असतं. पण बारा तीस झाले, नवरा-नवरी समोरासमोर उभी राहिली, आणि अंतरपाट धरायला माणूस मिळेना. एरवी दोन्ही टोकं भटजी लोक धरतात. भटजीच नाहीत. एक टोक नवरीच्या मामानं धरलं. दुसरं टोक एका काकांनी धरलं तर ते बुटके, कापड एका बाजूला उतरायचं आणि नवरदेवाला नवरी दिसायची. पोरं हसायला लागली.

“अहो उरुणकर!” अक्कांनी मांडवभर ऐकू जाईल अशी हाक मारली. “तुम्ही उंच आहात. या, धरा.”

“अक्का, मी...”

“या म्हटलं ना. मुहूर्त चाललाय.”

आता मला सांगा, दोनशे माणसं अक्षता मुठीत घेऊन तुमच्याकडं बघतायत, तिथं ‘मी जप्तीला आलोय’ असं सांगणार कसं? मी चपला काढल्या आणि गेलो. धरला अंतरपाट. आणि अक्कांनी मंगलाष्टका सुरू केल्या. आवाज पार बसलेला, दोन ठिकाणी फाटला, पण काय म्हणत होत्या! नवरीची आई रडत होती, मामा रडत होता, आणि माझ्याही नाकात पाणी आलं. हात वर असल्यामुळं पुसताही येईना. समोर व्हिडिओवाला कॅमेरा डोळ्याला लावून उभा होता. “साहेब, जरा इकडं बघा,” म्हणाला. मी बघितलं.

पंगतीत अक्कांनी मला स्वतः वाढलं.

“तुमचं लग्न इथंच झालं. चौऱ्याऐंशीला, वैशाखात,” त्या जिलेबी टाकत म्हणाल्या. “बासुंदी नासली होती. ऐनवेळी शिरा करायला लागला. तुमचे सासरे दोन तास माझ्याशी बोलले नाहीत.”

“तुम्हाला आठवतंय?”

“मला सगळी लग्नं आठवतात. कोण कुठं बसलं, कोण रुसलं, काय कमी पडलं. नाहीतर या घरात ठेवलंय कशाला देवानं मला?”

पाहुणे गेले. साडेचार वाजले. हणमंत पिशवी घेऊन आला. अक्का दारात उभ्या राहिल्या आणि पहिल्यांदा त्यांचा आवाज बदलला.

“साहेब, एक मागते. कर्ज बुडवायचं नाही मला. कार्यालय जाणार ते मला कळतंय, ते माझ्याच्यानं आता वाचत नाही. पण तुळशीच्या लग्नापासून अक्षय तृतीयेपर्यंत मी अकरा लग्नं घेतलीत. अकरा घरांना तारखा दिल्यात. गरिबाघरची माणसं आहेत, त्यांना लॉन परवडत नाही. पत्रिका छापायला गेल्या. त्यांना आता मी काय सांगू? एवढी अकरा होऊ द्या. बारावं घेणार नाही. चावी माझी मी आणून देते.”

मी तिथूनच कोरगावकरांना फोन लावला. सगळं सांगितलं. अंतरपाटाचं सोडून.

“उरुणकर, ही माणसं रडतात. त्यांचं कामच ते,” कोरगावकर म्हणाले. “ऑडिट तोंडावर आलंय. कुलूप लावा आणि या.”

मी कुलूप लावलं. लाख वितळवली, शिक्का मारला. आत त्यांची चारशे ताटं, पातेली, घंगाळं, गाद्या, सगळं तसंच. खरं तर त्या सगळ्याची यादी करायची असते. पण पंचनाम्यात ‘सामान नव्हते’ असं आधीच लिहिलेलं. नवा टाइप करायचा म्हणजे पुन्हा पंच, पुन्हा सह्या, आणि ‘साडेबारा ते साडेचार तुम्ही काय करत होता?’ हा प्रश्न. मी तोच कागद फायलीला लावून टाकला.

घरी गेलो तर आमची बायको, कालिंदी, म्हणाली, “अत्तर कसलं लावलंय? कुठल्या लग्नाला गेला होता?”

“ऑफिसच्या कामाला,” मी म्हणालो. ती खोटं लगेच ओळखते.

पुढं महिन्याभरात अक्कांचा दावा दाखल झाला. मला वाटलं नव्हतं. साठीच्या पुढची बाई, एकटी, एसटीनं पुण्याला जाणार, वकील लावणार! पण त्या गेल्या. वकील माळवदेबाई म्हणून एक तरुण मुलगी होती, हुशार. दाव्यात लिहिलं होतं की पंचनामा खोटा आहे, त्या दिवशी कार्यालयात लग्न होतं, सामान आत अडकलंय, अकरा लग्नं ठरलेली आहेत.

सुनावणीच्या दिवशी आमच्या वकिलांबरोबर मी गेलो. गर्दी होती. मी जिन्यापाशी उभा होतो आणि खांबापलीकडं अक्का नि माळवदेबाई बोलत होत्या. मी मुद्दाम ऐकलं नाही, पण कान काही बंद करता येत नाहीत.

“अक्का, फौजीच्या बापाकडं लग्नाची सीडी आहे म्हणता. एक फोन केला तर पाठवून देतील. अहो, बारा पस्तीसला मांडव भरलाय हे टीव्हीवर दिसेल. काम एका मिनिटात होईल.”

“सीडी नको.”

“का पण?”

“त्यात उरुणकर आहेत.”

“म्हणजे आणखीच चांगलं! बँकेचाच माणूस...”

“माणसाची नोकरी जाईल, बाई. त्याला हाक मारून मी बोलावलं. तो आपणहून नाही आला मांडवात. आणि त्याला लग्नाची पोर आहे. दुसरं काय करायचं ते करा. सीडी मी देणार नाही.”

“मग आपण हरू.”

“हरू तर हरू.”

मी जिन्याच्या कठड्याला धरून उभा राहिलो. तेवढ्यात अक्का वळल्या आणि मला बघून म्हणाल्या, “साहेब, तुम्ही कधी आला? काही खाल्लंय का सकाळपासून?”

मी खाल्लंय म्हणून सांगितलं. नव्हतं खाल्लं.

पुकारा झाला. पीठासीन अधिकारी मराठी गृहस्थ होते, चष्मा नाकावर, आवाज शांत. आमच्या वकिलांनी पंचनामा वाचून दाखवला, अगदी रंगवून. “महोदय, हे कार्यालय बंद पडलेलं होतं. अर्जदार म्हणतात अकरा लग्नं ठरलीत. पावत्या काय, घरी बसून कोणीही फाडतं. आणि लग्न होतं म्हणे, तेही पितृपक्षात! महोदय, पितृपक्षात लग्न!” मागच्या बाकावर दोघंतिघं हसले.

माळवदेबाई बोलल्या, पण हात बांधल्यासारख्या. पीठासीन अधिकाऱ्यांनी विचारलं, “पंचनामा खोटा म्हणता, तर तुमच्याकडं काय आहे?” माळवदेबाईंनी अक्कांकडं बघितलं. अक्का खाली बघत राहिल्या.

“बाई, तुम्ही पुढं या,” पीठासीन अधिकारी म्हणाले. “मीच विचारतो. त्या दिवशी दुपारी साडेबारा वाजता तुमच्या कार्यालयात काय होतं?”

अक्का पदर सावरत पुढं आल्या.

“आठवत नाही, साहेब.”

“आठवत नाही? लग्न होतं असं तुमच्याच अर्जात आहे.”

“असंल. वय झालं माझं. दिवसात गोंधळ होतो.”

“हे बँकेचे अधिकारी किती वाजता आले?”

अक्कांनी माझ्याकडं बघितलं. एवढंसंच. मग म्हणाल्या, “तेबी नाही आठवत.”

चौऱ्याऐंशीच्या वैशाखात नासलेली बासुंदी ज्या बाईला आठवते, ती दीड महिन्यापूर्वीचं लग्न आठवत नाही म्हणून सांगत होती. आणि मी तिथं इस्त्रीचा शर्ट घालून उभा होतो. स्वतःची एवढी लाज मला आयुष्यात कधी वाटली नव्हती. पीठासीन अधिकारी काहीतरी लिहायला लागले. मला कळलं की आता गेलं. अकरा घरं गेली.

“महोदय, मी बोलू का?”

आमच्या वकिलांनी माझी बाही ओढली. “उरुणकर, गप बसा.”

“कोण तुम्ही?”

“मीच तो, साहेब. पंचनाम्यावर माझी सही आहे. या बाई खोटं बोलतायत. त्यांना सगळं आठवतं. माझ्यासाठी खोटं बोलतायत त्या.”

अक्का म्हणाल्या, “अहो, खाली बसा तुम्ही!” पीठासीन अधिकाऱ्यांनी त्यांना हातानं थांबवलं.

मी सांगितलं. आदल्या दिवशी टाइप झालेला कागद, चहा पिताना झालेल्या सह्या, चारशे ताटं, न केलेली यादी, सगळं. एकदा सुरू झालो आणि थांबलो नाही.

“म्हणजे साडेबारा वाजता मिळकत रिकामी नव्हती?”

“दोनशे माणसं होती, साहेब.”

“आणि तुम्ही त्या वेळी काय करत होता?”

“अंतरपाट धरला होता.”

अख्खं कोर्ट हसलं. शिपाईसुद्धा हसला. पीठासीन अधिकारी तेवढे हसले नाहीत. त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला आणि स्टेनोला म्हणाले, “घ्या लिहून. जसं म्हणाले तसं.”

आठवड्यानं निकाल आला. पंचनामा खोटा, सामानाची यादी नाही, म्हणून ताबा बेकायदा. सात दिवसांत मिळकत परत द्यायची. बँकेला पुन्हा ताबा घ्यायचा असेल तर पहिल्यापासून, नियमानं. कर्ज माफ झालं नव्हतं, पण अक्कांना वेळ मिळाला होता. त्यांना तेवढाच पाहिजे होता.

सुनावणीच्या दिवशी परत येताना आम्ही एकाच एसटीत होतो. शिरवळपर्यंत त्या खिडकीतून बाहेर बघत होत्या. मग एकदम फुटल्या.

“कुणी सांगितला होता हा शहाणपणा? घरात लग्नाची पोर, आणि हे निघाले हरिश्चंद्र व्हायला! कालिंदीला मी काय तोंड दाखवू?”

“अक्का, तुम्ही खोटं का बोललात?”

“माझं काय हो! माझ्या मांडवात उभ्या राहिलेल्या माणसाची अब्रू मी काढायची? तीस वर्षांत कुणाची काढली नाही. नवरे दारू पिऊन आले, वऱ्हाडानं चमचे चोरले, मी कुणाला बोलले नाही. आणि तुमची काढू?”

मग त्या रडायला लागल्या. रडता रडता पिशवीतून त्यांनी चटणी-भाकरी काढली आणि अर्धी माझ्या हातावर ठेवली. मी सकाळपासून काही खाल्लं नाही हे त्यांना माहीत होतंच.

कोरगावकरांनी मला निलंबित केलं. त्यांचं तरी काय चुकलं? चौकशी होईपर्यंत अर्धा पगार, आणि चौकशी चालली पाच महिने. आमच्या स्वप्नालीला एक स्थळ जवळजवळ ठरलं होतं. त्यांनी ‘सध्या आमचा विचार नाही’ असं कळवलं. तिसऱ्या दिवशी कालिंदी म्हणाली, “घरात बसून भिंती बघू नका. अक्कांकडं जा. तुळशीच्या लग्नानंतर पहिलं लग्न आहे ना त्यांचं?”

गेलो. आणि त्या पाच महिन्यांत जेवढा जगलो तेवढा बँकेतल्या पंचवीस वर्षांत जगलो नाही, हे मी छातीवर हात ठेवून सांगतो. अत्तर लावायला मी, गुलाबपाणी शिंपडायला मी, “मुलाकडचे की मुलीकडचे” विचारायला मी. पहिल्या लग्नात भाजी करपली. तिसऱ्यात नवरीच्या बापाला ऐनवेळी पैसे कमी पडले. अक्कांनी त्याला कोठीघरात नेलं आणि म्हणाल्या, “भाडं राहू दे. ताटं धुवून द्या सगळ्यांनी मिळून.” बाप, काका, मामा सगळे ओळीनं बसले आणि चारशे ताटं घासली. नवरदेवही बसला होता, पण त्याला मी उठवला. सहाव्यात दोन्ही विहिणी भांडल्या. अक्कांनी दोघींना एकाच ताटात जेवायला बसवलं. उंच म्हणून दरवेळी अंतरपाटाचं एक टोक माझ्याकडंच आलं. भटजींनाही त्याची सवय झाली.

अक्षय तृतीयेला अकरावं लग्न झालं. कुंभारगल्लीतल्या पोरीचं. वऱ्हाड गेलं, अक्कांनी सगळं कार्यालय स्वतः झाडून काढलं, कोपरा न् कोपरा. भांड्यांचा सौदा करून पैसे त्यांनी आधीच कर्जात भरले होते, भांडी त्या संध्याकाळी गेली.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही दोघं बँकेत गेलो. अक्कांनी कमरेचा जुडगा सोडला आणि कोरगावकरांच्या टेबलावर ठेवला.

कोरगावकर उभे राहिले. माणूस वाईट नव्हता तो. “अक्का, हे कशाला? तुम्ही दावा जिंकलात. आमची नवी नोटीस अजून निघायचीय. मग पुन्हा साठ दिवस, पुन्हा हरकत... वर्षभर तरी कोणी तुमच्या दाराला हात लावणार नाही. घ्या चाव्या.”

“नको. मी अकरा म्हणाले होते.”

“पण अक्का, कायद्यानं तुम्हाला...”

“कायद्याला काय करायचंय? मार्गशीर्षात एक घर बाराव्या लग्नाची तारीख मागायला आलं होतं. नाही म्हणून सांगितलं त्यांना. आता माझं कुणाचं देणं नाही. तुमचं आहे, तेवढं ते विकून घ्या. उरलं तर द्या.”

कोरगावकरांनी पोच लिहून दिली. हातानं लिहिली, आमच्यासमोर, आणि वेळ घालताना भिंतीवरच्या घड्याळाकडं बघितलं.

बाहेर आलो. बँकेच्या पायऱ्या उतरता उतरता अक्का मध्येच थांबल्या आणि खाली बसल्या. मला वाटलं, चक्कर आली.

“काय होतंय, अक्का?”

“काही नाही हो.” त्या कमरेला हात लावून बघत होत्या, जिथं जुडगा असायचा तिथं. “उद्या सकाळी उठून मी काय करू?”

एवढा दांडगा गडी मी, त्यांच्याशेजारी पायरीवर बसलो आणि रडलो. येणारे-जाणारे खातेदार बघत होते. लोखंडे पिग्मीची पिशवी घेऊन चालला होता, तो बिचारा दुसऱ्या दारानं आत गेला. अक्काच मला म्हणाल्या, “उठा आता, शोभत नाही.” त्या त्यांच्या शेटे गल्लीतल्या दोन खोल्यांकडं गेल्या, मी माझ्या घरी आलो. रात्री जेवण गेलं नाही. कालिंदीला सगळं सांगितलं. तिनं दिवा घालवला आणि कूस बदलली.

सकाळी सहाला कडी वाजली. दारात अक्का. नऊवारी खोचलेली, केस ओले, खांद्याला पिशवी.

“रविवारी स्वप्नालीला बघायला कराडचे येणारायत ना? गावभर कळलंय,” त्या मला बाजूला सारून आत आल्या. “आणि घर बघा. जळमटं बघा ती. अशानं कोण पोरगी करून घेईल? ठरलं तर लग्न अंगणातच करू, मांडव मी बघते. माणसं दोनशेच्या वर बोलवायची नाहीत. कालिंदी, झाडू कुठाय गं?”

कालिंदीनं झाडू आणून दिला.